रोल मिळत नसेल तर लिहून घ्यायचा

‘पोदकीदिश’ (म्हणजे सापडलेलं मूल) नावाचा एक जुना ब्लॅक अँड व्हाइट रशियन सिनेमा आहे, मोसफिल्म स्टुडिओचा, 1939 सालचा. त्यात आरिशा नावाची एक मोलकरीण आहे आणि ही बाई तोंड म्हणून मिटत नाही. अनोळखी माणसावर तिचा काडीचा विश्वास नाही. ती सांगते, अशीच एकजण पाणी मागायला आली होती, पाणी प्यायली, गेली, आणि नंतर बघतात तर काय, घरातला पियानो गायब! आता पाणी प्यायला आलेली बाई पियानो नेणार कशी, पदराखालून? पण आरिशाला असले प्रश्न पडत नाहीत, आपल्याला प्रश्न पडेपर्यंत ती दोन वाक्यं पुढे गेलेली असते.

सिनेमा तसा सव्वा तासाचा, आणि आरिशा त्यात थोडाच वेळ आहे. पण संपल्यावर डोक्यात राहते ती आरिशाच, म्हणून मी सुरुवातीची नावं परत लावून बघितली, तर काम केलंय रीना झेल्योनायाने, आणि पटकथेतही नाव रीना झेल्योनायाचंच, कवयित्री अग्निया बार्तोच्या जोडीने. म्हणजे बाईंनी सिनेमा लिहिला आणि त्यात स्वतःला मोलकरणीचा रोल दिला! हिरॉईनचा नाही, प्रेमळ आईचा नाही, नाहीतर आपल्याकडे लेखक-नट एकच असला की रोल कसे असतात ते माहितीये. बरं हा रोल मुळात नव्हताच, नंतर घातलेला, आणि त्यातली बडबड तिने स्वतःची स्वतःच रचली.

तिथून मी या बाईच्या मागे लागले. बघेल तिथे तीच गोष्ट दिसायला लागली, की हिला कुणी मोठं काम देत नाहीये आणि ही कोपऱ्यातलं एखादं छोटं काम उचलून, खरवडून, त्यात स्वतःची वाक्यं घालून असं काही करते की लोक पिढ्यान्पिढ्या तेच बोलत बसतात.

जन्म 1901 चा, ताश्कंदचा. खरं नाव येकातेरिना. रीना हे नाव पोस्टरमुळे पडलं, पूर्ण नाव छापायला जागा पुरेना म्हणून पुढची अक्षरं उडवली आणि शेपूट तेवढं ठेवलं, असं ती स्वतःच सांगायची. मॉस्कोत नाटकाच्या शाळेच्या प्रवेशपरीक्षेला गेली तेव्हा तिने एक अत्यंत करुण कविता निवडली, जीव तोडून म्हटली, आणि समोर बसलेले परीक्षक हसून हसून बेजार. एखादीने तिथेच नाद सोडला असता. हिला मात्र तिथेच प्रवेश मिळाला आणि आपलं खातं कोणतं तेही कळलं. मग क्रांतीनंतरचा तो सगळा गोंधळाचा काळ, ओदेसात एक छोटं थिएटर, मग पेत्रोग्राद (आजचं सेंट पीटर्सबर्ग), मग मॉस्कोतली कॅबरे, तिथे गाणं, नाच, नकला, जे पडेल ते. आपल्याकडे ज्याला ऑर्केस्ट्रातली कॉमेडीवाली म्हणतात साधारण त्या जातीचं काम. नंतर काही वर्षं सटायर थिएटर.

आणि मग 1920 च्या दशकाच्या शेवटाकडे ती गोष्ट झाली जिच्यावर पुढची साठ वर्षं गेली. एका कार्यक्रमात मध्येच खड्डा पडला, पुढचा कलाकार हजर नाही, लोक बसलेत, कुणीतरी स्टेजवर जाऊन वेळ भरायला पाहिजे. ही गेली आणि मुलांचा कवी चुकोव्स्की याची ‘मोयदोदीर’ ही कविता म्हणायला लागली, अंघोळ न करणाऱ्या घाणेरड्या पोराची, जी तिथल्या प्रत्येक घरात पाठ असते, पण म्हटली ती लहान मुलाच्या आवाजात. लोक खुर्चीतून पडायचे बाकी राहिले.

आता लहान मुलाचा आवाज म्हटलं की आपल्या डोळ्यासमोर लगेच बोबडे बोल येतात. ‘आई मला भूऽल लागली’ टाइप. रेडिओवर, नाटकात, आता सिरियलमध्ये, मोठी माणसं लहान मुलांचे आवाज काढतात तेव्हा एक गोडगोड पाक सोडतात आणि मला तिथेच मळमळतं. रीना झेल्योनायाची जुनी रेकॉर्डिंगं ऐकलीत (रशियन येत नसलं तरी ऐका, खरंच, पाच मिनिटं ऐका) तर त्यात पाक अजिबात नाही. तिचं मूल कामात आहे. त्याला काहीतरी फार महत्त्वाचं सांगायचंय, श्वास मध्येच संपतो, वाक्य जिथून निघालं ते विसरतं, परत मागे जातं, ‘आणि मग’ ‘आणि मग’ करत पुढे ढकलतं, मध्येच स्वतःच्याच बोलण्याचं नवल वाटून थांबतं. हसू येतं ते आपल्याला, त्या मुलाला नाही. ते मूल एकदम सीरियस आहे. तोतरेपणाची नक्कल कुणीही करेल हो, पण पाच वर्षांच्या माणसाचा विचार कसा वळणं घेत जातो त्याची नक्कल करायला ऐकावं लागतं, आणि ती ऐकायची. बागेत, ट्रामध्ये, ओळखीच्यांच्या घरी. चुकोव्स्कीने तर मुलांच्या बोलण्याचं पुस्तकच केलं होतं, दोन ते पाच वर्षांच्या पोरांची वाक्यं जमवून. त्या काळात तिकडे ही एक हवाच होती, मुलं बोलतात ते गंभीरपणे टिपून ठेवायची.

आणि गंमत म्हणजे हे सगळं ती मुलांसाठी करतच नव्हती. तिच्या कार्यक्रमाला नाव होतं ‘लहानांबद्दल, मोठ्यांसाठी’. हे मला फार पटतं. लहान मुलांना लहान मुलाची नक्कल दाखवून काय मिळणार, त्यांना ते रोजचंच आहे.

स्वतःचं मूल तिला नव्हतं. दुसरा नवरा आर्किटेक्ट, कोन्स्तान्तिन तोपुरिद्झे, मॉस्कोच्या त्या प्रचंड प्रदर्शन मैदानावरची सोनेरी बायकांची ‘मैत्री’ कारंजी आहेत ना, जिथे आजही प्रत्येक टुरिस्ट फोटो काढतो, ती याची. त्याच्या आधीच्या लग्नातली दोन मुलं हिने वाढवली. यावरून लोक लगेच ‘मूल नव्हतं म्हणून मुलांचे आवाज’ असं जुळवायला जातात, मला ते नाही पटत, तिशी गाठायच्या आधीपासून ती हे करत होती.

सिनेमात ती आली 1931 साली. निकोलाय एक्कचा ‘पुत्योवका व झिझन’ (‘आयुष्याचं तिकीट’ अशा अर्थाचं नाव), सोव्हिएत युनियनचा पहिला बोलपट म्हणून ज्याचं नाव घेतात तो. विषय रस्त्यावरची पोरं. पहिलं महायुद्ध, मग यादवी, मग दुष्काळ, यातून तिथे लाखो मुलं बेवारस झालेली, स्टेशनांवर राहायची, चोऱ्या करायची, टोळ्यांमध्ये असायची. सिनेमात अशा पोरांना गोळा करून त्यांच्या हाताला काम देणारी वसाहत आहे, आणि दुसरीकडे त्यांना परत ओढणारा झिगान नावाचा गुंड. त्या गुंडाच्या टोळीतली एक गाणारी पोरगी, ती आपली रीना. म्हणजे मुलांच्या जगात ही शिरली ती डायरेक्ट वाईट बाजूने.

त्या सिनेमात मुस्तफा नावाच्या पोराचं काम केलं इव्हान किर्ल्याने, मारी भाषेतला कवी होता तो. त्याचं हसू अख्ख्या देशाला माहीत झालं. 1937 साली, स्टालिनच्या दहशतीच्या काळात, त्याला अटक झाली आणि 1943 मध्ये तो कैद्यांच्या छावणीत मेला. हे मध्येच सांगायचं कारण म्हणजे पुढचा सिनेमा बघताना ही तारीख डोक्यातून जात नाही.

पुढचा म्हणजे ‘पोदकीदिश’. गोष्ट म्हणावी तर एवढीशी. नताशा नावाची पाच वर्षांची मुलगी, आई कामासाठी बाहेरगावी निघालेली, मोठ्या भावाने सांभाळायचं ठरलंय, पण भाऊ आणि त्याचे मित्र तिला खेळायला घेत नाहीत. तर ही आपली दार उघडून निघते. बस. पुढे अख्खा सिनेमा म्हणजे ती मॉस्कोत फिरतेय. रस्त्याने बालवाडीच्या पोरांची रांग चाललेली दिसते, ती रांगेत शिरते. मग एक एकटा राहणारा भूगर्भशास्त्रज्ञ, ज्याला दगडांशी बोलता येत असेल पण लहान पोरीशी काय बोलायचं याचा पत्ता नाही (रोस्तिस्लाव प्ल्यातने काय काम केलंय, नुसतं अवघडून उभं राहणंसुद्धा बघत राहावं असं). मग एक मूल नसलेलं जोडपं, मग आमची आरिशा. आणि ज्याला ज्याला ती सापडते त्याला वाटतं ही आपल्याकडेच राहावी. तिकडे भाऊ घाबरून अर्धा झालेला, शोधाशोध, पोलीस, धावपळ.

मला यात सगळ्यात आवडतं ते हे की नताशा रडतच नाही फारशी. हरवलेलं मूल म्हटलं की आपल्या सिनेमात आधी पाऊस येतो, मग व्हायोलिन. इथे मुलगी मजेत आहे. हरवलेत ते मोठे लोक, तिच्याशी काय बोलावं ते न कळणारे. एक मोठं माणूस तिला विचारतं, तुला काय पाहिजे सांग, मुंडकं उडवून घ्यायचंय की फार्महाऊसवर यायचंय? आणि ते हे प्रेमाने विचारतंय हां! मोठी माणसं लहान मुलांना अक्षरशः असेच प्रश्न विचारतात, आपण रोज विचारतो, फक्त कुणी ते कागदावर उतरवलं नव्हतं. हे लिहिणारी दोन्ही डोकी अशी होती की एकीने मुलांसाठी कविता लिहिलेल्या, दुसरीने मुलांचं बोलणं स्टेजवर वर्षानुवर्षं केलेलं, त्यामुळे नताशाच्या तोंडी एकही ‘लेखकाचं’ वाक्य नाही. ती शहाणपणाचं बोलत नाही. आपल्या हल्लीच्या सिरियलमधली सात वर्षांची पोरं घटस्फोटाच्या विषयावर आईला समजावतात तसलं काही नाही. वेरोनिका लेबेदेवा नावाच्या त्या छोट्या मुलीला दिग्दर्शिका तात्याना लुकाशेविचने मोकळं सोडलेलं दिसतं.

हो, दिग्दर्शिका पण बाईच. 1939 मध्ये दोन बायकांनी लिहिलेला, तिसरीने बनवलेला सिनेमा, आणि त्यावर कुणी ‘महिलांचा सिनेमा’ अशी पाटी लावली नाही.

पण ती तारीख. 1939. सिनेमातलं मॉस्को ऊन्हाने भरलेलं आहे, रुंद रस्ते, पांढरे कपडे, ज्याच्या त्याच्या हातात त्या मुलीसाठी काहीतरी खाऊ. आणि याच शहरात त्याआधीच्या दोन वर्षांत रात्री दारं वाजत होती, माणसं उचलून नेली जात होती. 1937 च्या ऑगस्टमध्ये तर ‘गद्दारांच्या’ बायकांना छावणीत आणि मुलांना अनाथाश्रमात पाठवायचा लेखी आदेशच निघालेला. म्हणजे आई गेलीय आणि मूल एकटं उरलंय ही गोष्ट त्या शहरात कल्पनेची नव्हती. सिनेमात यातलं काही नाही, असणं शक्यच नव्हतं. तिकीट काढून बघणाऱ्यांत कितीतरी जणांना शेजारच्या फ्लॅटचं रिकामं दार माहीत असणार, आणि समोर पडद्यावर एक मूल हरवतं आणि प्रत्येक अनोळखी माणूस चांगला निघतो, पोलीससुद्धा. हे खोटं आहे असं म्हणून मोकळं होता येईल. मला तसं म्हणवत नाही. लोकांना ते खोटं किती हवं असेल याचा विचार केला की त्या सिनेमाचं प्रेम जरा वेगळं दिसायला लागतं, एवढंच.

असो. या सिनेमाने सगळ्यात जास्त छळलं कुणाला असेल तर फाईना रानेव्स्कायाला. मूल नसलेल्या जोडप्यातली ती जाडजूड, नवऱ्याला जागच्या जागी ठेवणारी ल्याल्या, तिचा नवरा मुल्या. ती त्याला सारखी झापते, ‘मुल्या, माझं डोकं नको फिरवूस!’ झालं. सिनेमा लागला आणि त्यानंतर आयुष्यभर ती रस्त्यावर दिसली की पोरं मागे, ‘मुल्या, माझं डोकं नको फिरवूस!’ ही बाई नाटकातली एक थोर नटी, आणि हिला लोक ओळखतात ते या एका वाक्याने. किस्सा असा सांगतात की 1976 मध्ये ऑर्डर ऑफ लेनिन देताना खुद्द देशाचा सर्वोच्च नेता ब्रेझनेव यानेसुद्धा तेच वाक्य टाकलं, आणि तिने ऐकवलं की असं मला फक्त टवाळ पोरं म्हणतात. युद्धकाळात ताश्कंदला असताना तिने कवयित्री अख्मातोवापाशी हे रडगाणं गायलं तर अख्मातोवा म्हणाली की प्रत्येकाचा एक ‘मुल्या’ असतो, माझाही आहे, आणि स्वतःच्या तरुणपणच्या एका गाजलेल्या कवितेचं नाव घेतलं. वाक्य नेमकं सुचलं कुणाला यावरूनही नंतर वाद, रानेव्स्काया म्हणायची माझं, आणि पटकथा तर रीना आणि बार्तोची. माझं मत विचाराल तर रीनासारख्या लेखिकेने लिहिलेल्या जागा अशाच असतात, की नटाला वाटावं हे मलाच सुचलं.

युद्ध आलं आणि रीना फ्रंटवर गेली, कलाकारांच्या तुकड्यांबरोबर. आता विचार करा, खंदकातून आलेले, घर सोडून वर्ष-दोन वर्षं झालेले बाप्ये बसलेत, आणि समोर ही चाळिशीची बारीकशी बाई पाच वर्षांच्या पोराच्या आवाजात काहीतरी फार महत्त्वाचं सांगतेय. ‘लहानांबद्दल, मोठ्यांसाठी’ याचा अर्थ तिथे काय झाला असेल ते मी लिहायला नको. ऑर्डर ऑफ द रेड स्टार मिळाली तिला. सैनिकांचं पदक, पोरांच्या नकला करून.

बार्तोचं मात्र या ठिकाणी वेगळं सांगायला पाहिजे, कारण माझ्या मते ‘पोदकीदिश’चा दुसरा भाग तिने लिहिला, पण सिनेमा म्हणून नाही. युद्ध संपायला चार-पाच दिवस उरलेले असताना, मे 1945 मध्ये, तिचा तरुण मुलगा सायकल चालवत होता आणि ट्रकने उडवला. मॉस्कोत, घराजवळच. युद्धात नाही. त्यानंतर ती अनाथाश्रमांमध्ये जायला लागली, त्या मुलांवर एक दीर्घ कविता लिहिली, झ्वेनिगोरोदच्या अनाथाश्रमाची. ती वाचून युद्धात मुलगी हरवलेल्या एका आईचं पत्र आलं, बार्तोने शोधाची चक्रं फिरवली, आणि ती मुलगी, आता मोठी बाई झालेली, सापडली. मग पत्रांचा पूर. 1965 पासून 1974 पर्यंत, मायाक रेडिओवर दर महिन्याला बार्तोचा कार्यक्रम, ‘माणूस शोधूया’ अशा अर्थाचं नाव. युक्ती काय होती, तर सरकारी शोध चालतो नाव, जन्मतारीख, गाव यावर. पण तीन-चार वर्षांचं मूल बॉम्बहल्ल्यात आईच्या हातातून सुटलं तर त्याला यातलं काहीच माहीत नसतं. त्याला आठवतं भलतंच काहीतरी, कुत्र्याचं नाव, दाराजवळचं झाड, कधीतरी काहीतरी लागलं होतं ते. बार्तोने सांगितलं, तेच पाठवा. तिने ते रेडिओवर वाचलं. आणि कुठेतरी एक आई ऐकत असायची जिला ते झाड माहीत होतं. 927 कुटुंबं अशी परत जोडली गेली.

हे वाचलं तेव्हा मला नताशा आठवली. पाच वर्षांच्या पोरीला काय माहीत असतं आणि काय नसतं हे ज्या बाईने 1939 मध्ये कॉमेडी म्हणून लिहिलं, त्याच बाईने पंचवीस वर्षांनी त्याच गोष्टीवरून माणसं शोधून काढली. लहान मूल बोलतं ते फालतू नसतं, त्यात पुरावा असतो, हे या दोघींना आधीपासूनच ठाऊक होतं. एकीने त्यावर हसवलं, दुसरीने त्यावर घरं जोडली.

रीनाकडे परत येते. 1947 मध्ये अलेक्सांद्रोवचा ‘वेस्ना’ आला, मोठी म्युझिकल कॉमेडी, ल्युबोव ओर्लोवाचा डबल रोल. मुलांचा सिनेमा नाही पण किस्सा सांगायलाच हवा. त्यात सिनेमाच्या स्टुडिओतल्या मेकअप आर्टिस्टचं एक काम होतं, स्क्रिप्टमध्ये पुरुष. रीनाला सिनेमात कुठेच जागा नव्हती. तिने दिग्दर्शकाला विचारलं, हा पुरुष बाई केली तर? आणि मग ती एकदा खुर्चीत बसलेल्या चेहऱ्याकडे बघून जाहीर करते, असले ओठ आता कुणी घालत नाही! चप्पल-बिप्पल असल्यासारखं. लागली ना ती पण ओळ लोकांच्या तोंडाला.

साठी ओलांडल्यावर तर बाई अजूनच मुलांत गेल्या. 1965 ची ‘व्होव्का’ ही सोयूझमूल्टफिल्म स्टुडिओची छोटी कार्टून फिल्म, बोरिस स्तेपान्त्सेवची. आळशी शाळकरी पोरगा परीकथांच्या राज्यात जातो, कारण तिथे सगळं आयतं मिळतं असं त्याने ऐकलंय, आणि तिथे राजाच स्वतः कुंपण रंगवत बसलाय. मग पेटीतून निघणारे दोघं सारखे दिसणारे नोकर मिळतात, त्यांना हा लाकूड फोडायला आणि कणीक मळायला सांगतो आणि ते नेमकं उलटं करतात, कणीक फोडतात नि लाकूड मळतात. गोळ्या-चॉकलेटं मागवतो तर तेच खायला लागतात. ‘माझ्या वाटणीच्या गोळ्या पण तुम्हीच खाणार?’ ‘हो!’ शेवटी स्वतः काहीतरी बनवायला घेतो, ते धड जमत नाही, आणि त्याचं म्हणणं एकच, चालतंय की! त्या आळशी दहा वर्षांच्या पोराचा आवाज म्हणजे त्रेसष्ट वर्षांच्या रीना झेल्योनाया. मी माझ्या भाचीला हे न सांगता दाखवलं, भाषा समजत नसताना ती पूर्ण बघत बसली, आणि नंतर सांगितलं की हा आवाज आजीचा आहे तर तिने ठामपणे सांगितलं की मी खोटं बोलतेय.

आणि मग 1975 सालचा बेलारूसफिल्म स्टुडिओचा ‘बुरातिनो’, म्हणजे रशियन पिनोकियो. दिग्दर्शक लिओनीद नेचायेव, पटकथा इन्ना वेत्किनाची, ही अजून एक बाई जिच्यावर वेगळा लेख व्हायला हवा, संगीत रिब्निकोवचं. रशियन भाषिक जगात एका अख्ख्या पिढीचं बालपण म्हणजे हा सिनेमा. त्यात तळ्यातली म्हातारी कासवीण तोर्तिला, डोक्यावर झालरीची टोपी, आजूबाजूला बेडकांचा नाच, आणि ती आपल्या तरुणपणाबद्दल गाते आणि बुरातिनोला सोन्याची किल्ली देते. इथे मी खरंच दोनदा मागे जाऊन बघितलं. जी बाई चाळीसहून जास्त वर्षं लहान मुलांच्या आवाजात बोलली ती इथे म्हातारी म्हणून म्हातारीच्या आवाजात बोलतेय, आणि समोरच्या लाकडी पोराला ती लाडात घेत नाही, उपदेशही करत नाही, बरोबरीच्या माणसाशी बोलावं तशी बोलते. रोलान बिकोवचा बोका, सानायेवाची कोल्ही, एतूशचा दाढीवाला कराबास, सगळे धमाल करतायत, आरडाओरडा, नाच, आणि मध्येच हे तळ्याकाठचं संथ प्रकरण. मुलांच्या सिनेमात एवढा वेळ थांबायची हिंमत आज कुणी करेल असं वाटत नाही, एडिटरच कापून टाकेल. दोन वर्षांनी नेचायेवच्याच लाल टोपीवालीत ती आजी झाली.

आपल्याकडे असं कुणी आहे का, असं डोकं खाजवत होते तर सई परांजपे आठवल्या, आणि तिथे तर रशियाशी रक्ताचंच नातं, वडील युरा स्लेप्टझॉफ हे रशियन चित्रकार, आई शकुंतला परांजपे. आठव्या वर्षी परीकथांचं पुस्तक छापून आलेलं, पुढे पुणे आकाशवाणीवर मुलांचे कार्यक्रम, बालनाट्यं, मग बालचित्र समितीचं अध्यक्षपद. स्वतः लिहायचं, स्वतः बसवायचं, आणि मुलांना मूर्ख समजायचं नाही. दोघींची भेट वगैरे काही नाही, उगाच जुळवत नाहीये, पण ‘मुलांचं काम म्हणजे हलकं काम’ हे ज्यांनी मानलं नाही अशा बायकांची यादी केली तर दोन्ही नावं त्यात येतील.

1970 मध्ये तिला रशियाची पीपल्स आर्टिस्ट ही पदवी मिळाली, म्हणजे जवळपास सत्तरीला. लेखिका म्हणून तिची आठवण फार कमी लोक काढतात. मला हे खटकतं. नटी म्हणून तिचं कौतुक करताना ‘किती गोड इम्प्रोव्हायझेशन’ म्हणतात, जणू ते तोंडातून आपोआप पडत होतं. ते लेखन होतं. आरिशाचा पियानो हे लेखन आहे, दोन वाक्यांत अख्खा माणूस उभा राहतो. ऐंशीच्या घरात तिने आठवणींचं पुस्तकही लिहिलं, ‘विखुरलेली पानं’ अशा अर्थाच्या नावाचं, 1981 साली आलं. त्याच वर्षी 1 एप्रिलला अग्निया बार्तो गेली. रीना गेली 1991 साली, तारीख 1 एप्रिल. एकत्र बसून मुलांचा सिनेमा लिहिणाऱ्या या दोघी एकाच तारखेला जाव्यात, दहा वर्षांच्या अंतराने, आणि तीही एप्रिल फूलची तारीख. कुणी पटकथेत लिहिलं असतं तर ही बार्तो-झेल्योनाया जोडीच म्हणाली असती, काढा हे, फार जुळवल्यासारखं वाटतं.

बघायचं असेल तर क्रम असा ठेवा. आधी ‘व्होव्का’, कारण ते छोटं आहे आणि भाषा लागत नाही. मग ‘पोदकीदिश’, सबटायटल्स मिळतातच. ‘बुरातिनो’ सुट्टीच्या दिवशी, दोन भागांचा आहे. आणि ज्यांना मुलांच्या सिनेमात रस नाही त्यांनी लेनफिल्मचा शेरलॉक होम्स बघा, 1979 पासूनचा, लिवानोव आणि सोलोमिनचा. त्यात मिसेस हडसन ही आहे. ट्रे घेऊन यायचं, दार उघडायचं, बाजूला उभं राहायचं, संवाद जवळजवळ नाहीतच. दिग्दर्शक मास्लेन्निकोवला तिने सांगितलं होतं, ‘मी आजवर फर्निचरचं काम कधी केलं नव्हतं.’ केलं आणि! होम्स काहीतरी थोर बोलत असतो तेव्हा जरा त्याच्या मागे बघा, ती काय करतेय ते.